उंबऱ्यावरून दिसणारी खोली

१

कडी दोनदा वाजायची. एकदा वाजून जरा थांबायची, मग पुन्हा एकदा. लोखंडी कडी, सागाच्या दारावर. परक्याला वाटावं, वाऱ्यानं हलली असेल. पण गुणाजीला कळायचं की घरी जेवण वाढलंय.

त्याची बायको चंद्रावती हिनं उभ्या जन्मात त्याला नावानं हाक मारली नाही. खाडीकाठच्या बायका तशी मारत नसतच. पण बाकीच्या निदान 'अवं' म्हणायच्या, नाहीतर पोरीचं नाव पुढे करून 'मृणालीचा बा' म्हणायच्या. चंद्रावतीला तेही कधी जमलं नाही. ती उंबऱ्यावर बसायची आणि बसल्या बसल्या हात लांबवून कडी हलवायची. मोठेखार गावात चाळीस घरं होती, म्हणजे चाळीस कड्या. तरी गुणाजी बांधावर गप्पा हाणत असला की आपल्या घरची कडी बरोबर ओळखायचा. कान्हू होडीवाला त्याला चिडवायचा, "ऊठ गुण्या, तुझा फोन आला."

तो आवाज बंद होऊन सहा वर्षं झाली होती.

२

गुणाजी पेणच्या एका गणपतीच्या कारखान्यात आखणी करायचा. आखणी म्हणजे डोळे रेखणं. मूर्ती साच्यातून निघते, वाळते, रंगते, दागिने चढतात, आणि सगळं झाल्यावर शेवटी डोळे. ते काम हातावर बसायला दहा वर्षं जातात. गुणाजी तिसरीपर्यंत शिकलेला, पण चाळीस वर्षांत त्यानं किती डोळे रेखले याचा हिशोब त्याचा त्यालाही नव्हता.

मूर्ती ठरवायला गिऱ्हाईक आलं की तो एकच प्रश्न विचारायचा, "बसून बघणार का उभ्यानं?"

लोक हसायचे. पण त्याचं म्हणणं खरं होतं. घरचा गणपती माणूस पाटावर बसून बघतो, मंडळाचा रस्त्यावर उभं राहून. दोघांची नजर वेगळी. बसणाऱ्यासाठी रेखलेला डोळा उभ्या माणसाच्या पोटाकडे बघतो, मग त्याला वाटतं देव रुसलाय. पुढे मंडळांनी त्याच्याकडून देखाव्यांचे पडदेही रंगवून घेतले. सपाट फळीवर तो खांबांची अशी ओळ काढायचा की बरोबर जागी उभं राहिलं तर आत पन्नास हात लांब दालन दिसावं, आणि चार पावलं बाजूला सरकलं की सगळे खांब वाकडेतिकडे होऊन एकमेकांच्या अंगावर पडावेत. ती बरोबर जागा तो जमिनीवर खडूनं दाखवून ठेवायचा.

नव्वद सालची पिठोरी अमावास्या. गणपती चार दिवसांवर आलेले आणि कारखान्यात अजून साठ मूर्ती बिनडोळ्यांच्या उभ्या. खाडीला मोठं उधाण येणार होतं आणि गावचा बांध कच्चा होता, हे सगळ्यांनाच ठाऊक होतं. दुपारी कान्हू गावाकडे निघाला तेव्हा गुणाजीनं त्याच्याकडे निरोप दिला, "तिला सांग, घर सोडू नको. मी येतो सांजचा, मग दोघंही निघू."

सांज झाली तेव्हा दहा मूर्ती राहिल्या होत्या. एवढ्या उरकून जाऊ, असं तो म्हणाला. त्या होईस्तोवर ओहोटी लागली, होडी निघेना.

पहाटे बांधाला खांड पडली आणि खाडी गावात शिरली. बाकीचा गाव रात्रीच वरच्या शाळेवर जाऊन बसला होता. चंद्रावती घरात होती.

लोकांनी समजूत घातली, बांध फुटला त्यात तुझा काय दोष. गुणाजी मान हलवायचा. त्याच्या मनात दोषाचा विचार नव्हताच. त्याला फक्त तो निरोप परत घ्यायचा होता. एवढंच तिच्यापर्यंत पोचवायचं होतं, की थांबू नको, तू निघ.

३

खाऱ्या पाण्यानं शेतं गेली, मिठागरं गेली, मग गावही उठला. कोणी गडबला, कोणी जित्याला पाहुण्यांकडे जाऊन राहिला. जाताना लोकांनी दारं, वासे, कौलं काढून नेली. भिंती राहिल्या. शेतात तिवरांची झुडपं उगवली.

गुणाजी रोह्याला लेकीकडे आला. मृणालीचा नवरा नितेश कंपनीत होता, तीन शिफ्टमध्ये जायचा. घर लहान, पण माणसं चांगली. गुणाजीला खुर्ची खिडकीशी दिलेली होती.

दर सोमवारी तो सकाळची एसटी पकडून पेणला जायचा. लेकीला सांगायचा, कारखान्यात जुन्या लोकांना भेटून येतो. पेणहून सहा आसनी रिक्षा बांधापर्यंत, तिथून कान्हूची होडी.

तिथल्या भिंती रंगवायची सुरुवात म्हटली तर सहजच झाली. एकदा ओहोटी लागून होडी अडकली, म्हणून तो मिठागराच्या पडक्या चौकीत दिवसभर बसून राहिला. पिशवीत कारखान्यातले उरलेसुरले रंग होते. चौकीचा जिना कधीच पडून गेला होता. त्यानं भिंतीवर जिना काढला. पुढच्या सोमवारी कान्हू आत आला, सरळ त्या जिन्याकडे चालत गेला आणि कपाळ आपटून घेतलं.

"आयला! गुण्या, तुझ्या हाताला काय किडे हायत काय रं?"

"मी कुठं तुला चढ म्हटला?"

"दिसला जिना, चढलो. माणूस अजून काय करील?"

गुणाजी हसला. पाच वर्षांत कान्हूनं त्याला हसताना पाहिलं नव्हतं, म्हणून त्यानंही कपाळ चोळत चोळत हसून घेतलं.

मग शाळा झाली. शाळेच्या एका भिंतीवर गुणाजीनं खिडक्या काढल्या आणि खिडक्यांबाहेर भाताची शेतं, पिकायला आलेली. मग रेशनचं दुकान. त्यात फळ्या, फळ्यांवर डबे, डब्यांच्या सावल्या. बघायला कोणी येणार नव्हतं. तरी प्रत्येक ठिकाणी तो खडूनं जागा दाखवून ठेवायचा.

माणूस मात्र त्यानं कुठेही काढलं नाही. माणूस काढलं की डोळे आले.

४

शहाण्णवच्या होळीनंतर त्यानं आपलं घर रंगवायला घेतलं.

घर म्हणजे एक मोठी खोली. छपराची अर्धी कौलं शाबूत. पुढचं दार कोणी नेलं होतं, चौकट आणि उंबरा जागेवर होता. चौकटीला त्यानं आपल्या डोळ्यांच्या उंचीवर एक खिळा मारला. खिळ्याला सुतळी बांधायची, ती ताणून समोरच्या भिंतीपर्यंत न्यायची, आणि सुतळी सांगेल तिथं रेघ मारायची. असं केलं की खिळ्याशी डोळा लावून उभ्या राहिलेल्या माणसाला चित्र अखंड दिसतं. दुसरीकडून बघाल तर नुसत्या तिरक्या पट्ट्या.

डाव्या भिंतीवर त्यानं मांडणी काढली, पितळेची भांडी काढली. उजवीकडे वळकटी, कंदील, मीठ ओढायचं फावडं. आणि समोरच्या कोऱ्या भिंतीवर आपलंच पुढचं दार काढलं, आतून दिसायचं तसं, सताड उघडं. दारातून बाहेर बांध, बांधाच्या दोन्ही अंगांना मिठागरांचे चौकोन, आणि बांधावरून पेणकडे गेलेली पायवाट. खऱ्या दारातून आता चिखल आणि तिवरं दिसायची. म्हणून ते दार त्यानं समोर नेलं, असं तो कान्हूला म्हणाला.

कडी त्यानं शेवटी काढली. दोन दिवस लागले. एकेक दुवा, प्रत्येकावर उजेडाचा एक ठिपका.

काम संपलं त्या सोमवारी तो खिळ्याशी उभा राहिला. खोली जशीच्या तशी होती. त्याला वाटलं, आता फक्त ती नाही.

५

पुढच्या सोमवारी चित्र मोडलेलं होतं.

फार नाही. कंदील जरा लांबट झाला होता, मांडणीची वरची फळी कललेली. गुणाजीनं खिळा तपासला. घट्ट होता. सुतळी ताणली. सुतळी रेघेच्या वरून गेली, चार बोटं.

"लोणा लागलाय," कान्हू म्हणाला. "खारी भिंत फुगते, रंग सरकतो. दुसरं काय?"

गुणाजीलाही ते पटलं. भिंतीत मीठ असलं की पोपडे येतातच. पण पोपडे कुठे दिसेनात. त्यानं भिंतीवर तळहात फिरवला. भिंत कोरडी होती. रेघाही त्याच्याच हाताच्या होत्या. कुठे खोडलेलं नाही, वर दुसरा हात दिलेला नाही. त्यानं निमूटपणे सगळं खरवडून पुन्हा काढलं.

आठवड्यानं सुतळी एक वीत वरून गेली.

त्यानं पुन्हा काढलं. पुढच्या खेपेला दीड हात.

शाळेतल्या खिडक्या मात्र जिथल्या तिथे होत्या. चौकीतला जिनाही. रोह्याच्या खुर्चीत बसून तो विचार करायचा. आपला हात चळला असेल. वय झालं. हात चळला तर रेघ इकडेतिकडे जाईल. पण सगळ्या रेघा एकदम, एकाच मापानं, खाली खाली कशा जातील? चळणारा हात इतका शिस्तीत चळतो का?

"आबा, नखात रंग कसला?" मृणालीनं विचारलं.

"कारखान्यात बसतो ना."

"कारखान्यात बसतोस? परवा पेणच्या बाजारात विमलबाई भेटली, ती तिथंच मूर्ती घासायला जाते. म्हणाली, तुझा बा वर्षभर फिरकलेला नाय." मृणाली त्याच्यासमोर खाली बसली. "तू मोठेखारला जातोस, व्हय ना?"

गुणाजीनं नखं मुठीत मिटली.

"काय हाय तिथं, आबा?"

"घर हाय आपलं."

"भिंती हायत. आणि दिवाळीनंतर त्यापण नाय ऱ्हायच्या. हे सांगत होते, नवीन बांध घालायचाय, जुनी घरं पाडून तिथंच भराव टाकणार." तिनं त्याची बोटं हातात घेऊन नखातला रंग पदरानं पुसायला सुरुवात केली. "मला पण वाटतं रे आई दिसावी. पण मी जाते का चिखलात?"

"तू लहान हायस गो बाय."

"मला दोन पोरं हायत," ती म्हणाली, आणि दोघंही थोडं हसली. मग ती बराच वेळ त्याची नखं पुसत राहिली.

६

तेव्हा श्रावण सरत आला होता. गुणाजीनं कान्हूला मुद्दाम घरात बोलावलं. कान्हू त्याच्याहून बुटका, म्हणून त्याला वाटलं, दुसऱ्या उंचीवरून काय दिसतं ते तरी कळेल.

कान्हू दाराशी उभा राहिला. मान वाकडी केली, सरळ केली. "मोडलेलंच हाय. दार बघ कसं, पाळण्यासारखं लोंबतंय."

"वाकून बघ जरा."

"माझी कंबर वाकते होय आता?" असं म्हणून कान्हू सरळ उंबऱ्यावर बसला. खिशातून बिडी काढली, ओठांत धरली, काडी पेटवली आणि वर बघितलं.

काडी बोटापर्यंत जळत आली तरी त्यानं बिडी पेटवली नाही.

"काय झालं?"

कान्हूनं काडी टाकली. तो उठला, कंबर न धरता उठला, आणि घराबाहेर चार पावलं जाऊन उभा राहिला. "चल. पाणी उतरायला लागलं."

"अजून दोन तास हायत पाण्याला."

"चल म्हणतो ना!"

होडीत त्यानं घाईघाईनं वल्ही मारायला घेतली. वल्ह्यांचा आवाज आणि तिवरांत बसलेल्या बगळ्यांचा आवाज, तेवढाच. निम्म्या खाडीत आल्यावर कान्हूनं वल्ही थांबवली.

"बसल्यावर बरोबर दिसतं," तो म्हणाला. "सगळं. एक रेघ मोडत नाय."

गुणाजीला स्वतःचंच बोलणं आठवलं, बसून बघणार का उभ्यानं. चाळीस वर्षं गिऱ्हाइकाला विचारलेला प्रश्न त्यानं स्वतःच्या घरात विचारला नव्हता. सवयीनं आपल्या डोळ्यांच्या उंचीवर खिळा मारून मोकळा झाला. त्या दारात तो कधी क्षणभर उभा राहत असेल तेवढाच. तिथून बघत बसणारं माणूस दुसरं होतं.

"आणि काय दिसलं?"

"नाय सांगणार."

"कान्ह्या."

"तुला एक सांगायचं होतं," कान्हू पाण्याकडे बघत म्हणाला. "सहा वर्षं सांगीन सांगीन म्हणतोय. तुझा निरोप दिला ना, तेव्हा तिनं मला विचारलं होतं, किती वेळ थांबू? तर मी म्हटलं, तो येईस्तोवर." त्यानं खांद्याला तोंड पुसलं. "मी हसत म्हटलं रे. माझ्या काय ध्यानी?"

होडी आपोआप थोडी वाहवत गेली. मग कान्हूनं पुन्हा वल्ही धरली.

"सोमवारी मला बोलवू नको," तो म्हणाला.

७

सोमवारी गुणाजी बांधावरून चालत गेला. ओहोटी होती. खांडीपाशी गुडघाभर चिखल लागला. चपला हातात घेऊन, तिवरांना धरून तो पार झाला. दुपारचे तीन वाजले असतील. आभाळ भरलेलं पण पाऊस नव्हता, आणि सगळीकडे एकसारखा फिका उजेड होता.

तो दाराशी आला. खिळ्याकडे त्यानं पाहिलं नाही. आतही पाहिलं नाही. आधी पाठ फिरवून, चौकटीला धरून तो उंबऱ्यावर टेकला. उंबरा मधोमध झिजलेला होता, बसणाऱ्याच्या मापानं. मग तो हळूच आतल्या अंगाला वळला.

खोली अखंड होती.

मांडणी सरळ, भांडी गोल. कंदिलाची सावली जिथं पडायची तिथंच पडलेली. भिंतीचे कोपरे दिसेनात. कुठे भिंत संपते आणि कुठे रंग सुरू होतो, हे त्याचं त्यालाच सांगता आलं नसतं. समोरचं दार उघडं होतं आणि दारातून वारा येत होता. तोंडावर लागत होता. मिठागरावरचा वारा, त्याला वास असतो.

त्या दाराच्या उंबऱ्यावर चंद्रावती बसली होती.

त्याच्याकडे पाठ करून. विटक्या हिरव्या लुगड्याचा पदर खांद्यावर घेतलेला, अंबाडा सैल झालेला. ती बांधाकडे बघत होती, पेणकडे जाणाऱ्या पायवाटेकडे. लुगडं कोरडं होतं. त्याला पहिल्यांदा तेच दिसलं, की लुगडं कोरडं आहे.

हे मी काढलेलं नाही, असं त्यानं स्वतःला सांगितलं. मग वाटलं, काढलं असेल. कदाचित दर सोमवारी थोडं थोडं काढत गेलो असेन आणि उभ्यानं बघितल्यामुळे नुसते पट्टे दिसले असतील. पांढरा पट्टा म्हणजे पिकल्या अंबाड्याची कड. हिरवा म्हणजे लुगडं. तो ते पट्टे आठवायचा प्रयत्न करत होता, तेवढ्यात तिनं हात लांबवला आणि कडी हलवली.

एकदा. मग जरा थांबून पुन्हा एकदा.

बांधावर कोणी नव्हतं. तिनं थोडी मान उंच करून पाहिलं. मग पुन्हा टेकली, गुडघ्यावर हात ठेवून, अजून कितीही वेळ बसता येईल अशी.

 गुणाजीला भीती वाटली, पण तिची नाही. किती वर्षं ती असं करत असेल, याची वाटली.

"मी इथं हाय गो," तो म्हणाला. ती बांधाकडेच बघत होती. त्यानं पुन्हा म्हटलं, "मागं हाय मी."

तिची मान वळली. सावकाश, कोणीतरी उन्हातून सावलीत बघावं तशी. बाहेरचा उजेड तिच्या पाठीमागे होता, त्यामुळे चेहरा काळोखात राहिला. पण ती त्याच्याकडे बघत होती एवढं नक्की. तिनं मान थोडी डावीकडे झुकवली. मग थोडी उजवीकडे.

ती हालचाल गुणाजीला ओळखीची होती. मंडळांच्या मांडवात हजारो माणसं त्याच्या पडद्यांपुढे असंच करायची. खरं आहे का काढलेलं, कुठे मोडतंय का, ते बघायची.

त्यानं हात वर करायचा प्रयत्न केला. हात मांडीवर होता तिथेच राहिला, वाळलेल्या रंगासारखा.

"माझा निरोप चुकला," तो म्हणाला. तोंड तेवढं हलत होतं. "मला दहा मूर्ती राहिल्या होत्या, मला वाटलं होतं, होईल. मी नाय येत. तू वाट नको बघू. ऐकलंस? थांबू नको, निघ तू."

ती तशीच बघत राहिली. ऐकू आलं की नाही, कळायला मार्ग नव्हता. वाऱ्यानं पदर हलला. त्या दाराबाहेर, बांधापलीकडे कुठेतरी पाणी चढत असल्याचा बारीक आवाज यायला लागला होता, आणि ओहोटीची वेळ असताना तो कसा येतो, हा विचार गुणाजीच्या मनात आला तेवढाच.

मग चंद्रावती चौकटीला धरून उठली. लुगडं झटकलं, पदर कमरेला खोचला. क्षणभर तिनं खोलीकडे पाहिलं, मांडणीकडे, कंदिलाकडे, आणि तो बसला होता त्या जागेकडेही, सगळीकडे एकसारखं, चित्राकडे बघावं तसं. उंबरा ओलांडून ती बांधावर उतरली आणि पेणच्या वाटेनं चालायला लागली. पाऊल झपझप पडत होतं. जितकी लांब जाई तितकी लहान होत जाई, अगदी बरोबर मापात. तिनं मागे पाहिलं नाही, आणि काही बोललीही नाही.